'शेख' तेवढं गाळा

माझा भाचा पुण्यात कम्प्युटरच्या कंपनीत आहे. ईदला डोंगरकड्याला आला की दोन दिवस ओसरीवर लोळतो, तिसऱ्या दिवशी त्याला नेटवर्कची आठवण येते. मागच्या ईदला त्याने शीरखुर्म्याची वाटी बाजूला सारून माझ्या कानात इअरफोन कोंबला. "मामू, ये एक बार सुनके तो देखो." ऐकलं. कोणीतरी पत्रा कापतोय असं गिटार, त्याखाली पाय हलवायला लावणारा ठेका, आणि वर एक माणूस गात नव्हता, भांडत होता. शब्द मला कळले नाहीत. भाच्याने समजावून सांगितले. बाजार, पगार, घरातलं प्रेमसुद्धा देण्याघेण्याच्या हिशोबासारखं कसं होऊन बसलं, असा सगळा विषय. बँडचं नाव 'गँग ऑफ फोर'. इंग्लंडमधल्या लीड्स शहरात जमलेली, डाव्या विचारांची चार पोरं. नाव घेतलं ते माओच्या मृत्यूनंतर चीनमध्ये पकडल्या गेलेल्या चौकडीचं. पहिला अल्बम १९७९ चा. त्याचं नाव 'एंटरटेनमेंट!', म्हणजे करमणूक, आणि पुढे उद्गारचिन्ह. पंकचा पहिला गोंगाट ओसरत असताना जे वेगळा ठेका घेऊन आले त्यांना पोस्ट-पंक म्हणतात, हेही मला त्याच दिवशी कळलं.

मग त्याने एक किस्सा सांगितला. त्याच वर्षी त्यांना बीबीसीच्या 'टॉप ऑफ द पॉप्स'मध्ये बोलावलं. तिकडे तो कार्यक्रम घराघरांत बघितला जायचा, एकदा तिथे दिसलं की रेकॉर्ड खपलीच. बीबीसीवाल्यांनी सांगितलं, गाण्यात निरोधचा उल्लेख येतो, तो एक शब्द तेवढा बदला. बीबीसीला हवा तसा बदल करायला पोरं तयार झाली नाहीत. कार्यक्रम सोडून निघून गेली.

मी इअरफोन काढून ठेवला. भाच्याला वाटलं, मामूंना आवाज झेपला नाही. खरं कारण वेगळं होतं. माझ्याकडेही एकदा एक शब्द गाळायची मागणी आली होती. मी उठून गेलो नव्हतो.

शाळेचं नाव लिहीत नाही. गोष्ट काही वर्षांपूर्वीच्या १ मेची आहे. मी उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवतो, त्यामुळे महाराष्ट्र दिनाचा कार्यक्रम दरवर्षी माझ्याच गळ्यात पडतो. आठवीत एक मुलगी होती. प्रार्थनेच्या वेळी तिचा आवाज बाकीच्या दोनशे पोरांच्या वरून ऐकू यायचा. तिला मी शाहीर अमर शेख यांचं एक गाणं शिकवलं. तीन आठवडे मधल्या सुट्टीत तालीम चालली. डफ मिळाला नाही, तर एका पोराने पत्र्याच्या डब्यावर ठेका धरला. निवेदनाचा कागद मी लिहून दिला होता. कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी व्यवस्थेतल्या एका गृहस्थांनी तो वाचला आणि मला बाजूला घेतलं. अगदी गोड आवाजात म्हणाले, "सर, 'महाराष्ट्र शाहीर' एवढंच म्हणा की. 'अमर' म्हणा पाहिजे तर. 'शेख' तेवढं गाळा. पाहुणे येणार आहेत, उगाच कशाला."

त्याच दिवशी मगरिबनंतर मुलीचे आजोबा घरी आले. माणूस नेक, पाच वक्ताचा नमाजी. "सर, बच्ची स्टेजपर गाएंगी? और वो भी उस कम्युनिस्ट का गाना? लोगां क्या बोलेंगे?" मी त्यांना चहा पाजला. वाद घातला नाही. दुसऱ्या दिवशी गाण्याच्या जागी लेझीम झालं. छान झालं लेझीम, पाहुण्यांनी पाचशे रुपये बक्षीसही दिलं. मुलगी कार्यक्रम संपल्यावर आली आणि विचारलं, "सर, मेरी आवाज खराब है क्या?"

ज्या माणसाचं आडनाव गाळायचं होतं तो कोण होता, हे आधी सांगतो. आमच्या अवामला माहीत नाही, आणि त्या गृहस्थांनाही बहुधा अर्धंच माहीत असावं.

मेहबूब हुसेन पटेल. जन्म २० ऑक्टोबर १९१६, बार्शी, सोलापूर जिल्हा. आई मुनेरबी. तिच्या तोंडी ओव्या होत्या, त्या ऐकतच पोरगा वाढला. गरिबी अशी की शिक्षण सुटलं, बसवर क्लीनर झाला, मग गिरणीत लागला. बार्शीत गिरणीचा संप झाला, त्यात तो तुरुंगात गेला आणि बाहेर आला तो कम्युनिस्ट होऊन. पुढे कोल्हापुरात मास्टर विनायकांच्या स्टुडिओत काम केलं आणि तिथेच 'अमर शेख' हे नाव मिळालं असं सांगतात. या नावापाशी जरा थांबा. तो काळ कोणता होता? पेशावरच्या फळवाल्याचा मुलगा युसुफ खान सिनेमात आला आणि 'दिलीप कुमार' झाला, तो काळ. नाव बदललं की तिकीट खपतं, असा हिशोब होता. बार्शीचा मेहबूबही स्टुडिओतून नवं नाव घेऊन निघाला. त्याला 'अमरकुमार' होता आलं असतं, सोपं होतं. त्याच्या नावात 'शेख' राहिलं, आणि ते त्याने लाखांच्या सभांमध्ये मरेपर्यंत वागवलं. ते आम्ही एका निवेदनाच्या कागदावर गाळायला निघालो होतो.

१९४४ साली मुंबईत लाल बावटा कलापथक उभं राहिलं. अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि शाहीर गव्हाणकर. भाच्याच्या भाषेत बोलायचं तर हा बँड. लिहिणारे अण्णाभाऊ, वाटेगावच्या मांगवाड्यातून चालत मुंबईला आलेले, दीड दिवसाची शाळा केलेले. गव्हाणकर लिहायचे, गायचे, पथक चालवायचे. आणि आवाज अमर शेखांचा. गिरणगावातल्या चाळींच्या मधल्या मोकळ्या जागा, संपाच्या सभा, गावोगावच्या शेतकरी परिषदा, ही त्यांची स्टेजं. बंगालमध्ये दुष्काळ पडला, अण्णाभाऊंनी त्यावर पोवाडा रचला. स्टालिनग्राडवर रचला, तेलंगणातल्या लढ्यावर रचला, फाळणीच्या दंगलींवर रचला. वर्तमानपत्र ज्याला वाचता येत नव्हतं त्याच्यापर्यंत जगाची बातमी डफावरून पोचत होती.

इथे त्या लीड्सच्या पोरांशी मला खरं साम्य दिसतं, आणि ते राजकारणापेक्षा कारागिरीतलं आहे. भाचा सांगत होता की त्या बँडच्या अँडी गिलने गिटारवाल्याची एकट्याने मिरवायची जागाच काढून टाकली. जिथे लोक सुरेल गिटारची वाट बघायचे तिथे तो तुकडे तोडायचा, नाहीतर चक्क गप्प बसायचा. आमच्या या पथकाने तमाशाशी काय केलं? तमाशात आधी गण, मग गवळण, मग बतावणी, मग वग. अण्णाभाऊंनी गणातलं गणपतीचं नमन काढून तिथे मातृभूमीला, हुतात्म्यांना, कष्टकऱ्यांना नमन घातलं. गवळणीला फाटा दिला. राजाराणीच्या वगात सावकार, गिरणीमालक आणि पुढारी आणून उभे केले. लोकांना ओळखीची चौकट दिली आणि तिच्यातला माल बदलला. करमणूक तर झाली, पण घरी जाताना माणूस भाड्याचा आणि पगाराचा विचार करत गेला. 'अकलेची गोष्ट' हे त्यातलं नाव आजही नाट्यशास्त्राच्या पुस्तकात येतं. सरकारलाही ते कळलं. मोरारजी देसाईंच्या काळात या तमाशांवर बंदी आली, आणि तमाशाऐवजी 'लोकनाट्य' म्हणून तोच खेळ पुन्हा उभा राहिला. बीबीसीने १९८२ च्या फॉकलंड युद्धात गँग ऑफ फोरचं गणवेशातल्या पुरुषावरचं गाणं वाजवायचं बंद केलं होतं. सरकारांचे कान जगात सगळीकडे सारखेच असावेत.

आमच्याकडे हे सगळं आधीच होतं, असा दावा मला करायचा नाही. तो छंद विमानं आणि प्लास्टिक सर्जरी शोधणाऱ्यांना लखलाभ. माझं म्हणणं एवढंच की लीड्सच्या चौघांवर पुस्तकं आहेत. त्यांच्यामुळे कोण कोण घडलं याच्या याद्या आहेत. आर.ई.एम. त्यांचं नाव घेतं, निर्वाणाचा कर्ट कोबेन घ्यायचा, रेड हॉट चिली पेपर्सचा १९८४ चा पहिला अल्बम तर अँडी गिलनेच करून दिला. आमच्या तिघांचा वारसा कोणाकडे गेला, याची यादी मला कोणत्या पाठ्यपुस्तकातून शिकवायची?

मी माझ्यापुरती करतो. विलास घोगरे. संभाजी भगत. गुजरातच्या दंगलींनंतर २००२ मध्ये पुण्यात उभा राहिलेला कबीर कला मंच. शीतल साठे. डफ तोच, सभेला अंगावर घेण्याची रीतही तीच. रमाबाई नगरात ११ जुलै १९९७ ला गोळीबार झाला, दहा माणसं मेली, आणि काही दिवसांत विलास घोगऱ्यांनी स्वतःला संपवलं. कबीर कला मंचाच्या तिघांना २०२० मध्ये एल्गार परिषद प्रकरणात अटक झाली. या परंपरेत बक्षीस असं मिळतं. मुसलमानांची कत्तल झाली म्हणून गायला निघालेल्या त्या पुण्यातल्या पोरापोरींमध्ये बहुतेक दलित होते. आमचे किती होते? हा प्रश्न मी स्वतःलाही विचारतो. माझ्याकडे उत्तर म्हणून लेझीम आहे.

आता संयुक्त महाराष्ट्र. २१ नोव्हेंबर १९५५ ला फ्लोरा फाउंटनला गोळीबार झाला, पुढे शंभराहून अधिक माणसं या लढ्यात मेली, १ मे १९६० ला राज्य मिळालं. हे आम्ही सातवी-आठवीला शिकवतो. पण लोक मैदानात आले कसे, ते शिकवत नाही. अत्रे बोलायचे, डांगे बोलायचे, एस. एम. जोशी बोलायचे, आणि त्यांच्या आधी अमर शेख गायचे. 'माझी मैना गावावर राहिली' ही अण्णाभाऊंची छक्कड त्यांच्या गळ्यातून महाराष्ट्रभर गेली. गावाकडे बायको सोडून मुंबईत राबणाऱ्या माणसाचं ते गाणं. बेळगाव, कारवार तुटून राहिले त्याचं दुःख त्यात असं मिसळलं आहे की ऐकणाऱ्याला आपल्या बायकोची आठवण आली की सीमाभागाची, हे सांगता येऊ नये. म्हणजे बघा. मराठी माणसाच्या राज्याचं गाणं एका मातंगाने लिहिलं आणि एका मुसलमानाने गायलं. आणि त्या राज्याच्या वाढदिवसाला निवेदनातून त्याचं आडनाव गाळा म्हणतात, पाहुण्यांना बरं वाटावं म्हणून.

तो मुसलमान होता हे लपवणाऱ्यांचा एक प्रकार झाला. दुसरा प्रकार जास्त सभ्य आहे आणि मला जास्त टोचतो. "अमर शेख? वा! ते कुठे तुमच्यासारखे होते, ते तर अस्सल मराठी." हे मला एका प्रशिक्षणात ऐकवलं गेलं आहे, चहाच्या सुट्टीत, कौतुकाच्या सुरात. बोलणाऱ्याने त्याच दमात माझ्या मराठीचंही कौतुक केलं. "तुमचं मराठी छान आहे हो, वाटतच नाही." काय वाटत नाही, ते त्याने वाक्यात पूर्ण केलं नाही. चाळीस वर्षं मी हिंगोलीच्या हळदीच्या धुळीत आणि अर्धापूरच्या केळीच्या ट्रकांमागे मराठी बोलत मोठा झालो. नर्सी नामदेव आमच्याच जिल्ह्यात आहे. सतराव्या शतकात श्रीगोंद्याच्या शेख महंमदाने 'योगसंग्राम' लिहिला. पेशवाईच्या अखेरीस सगनभाऊ लावण्या रचत होता, तोही मुसलमान. आणि मला अजून मराठीचं प्रमाणपत्र मिळतं, तेही चहासोबत फुकट.

१९६२ ला चीनने हल्ला केला तेव्हा अमर शेखांनी देशासाठी गाणी रचली आणि गायली. हे मी मुद्दाम ओझरतं सांगतो. भाषणात एवढं एकच वाक्य टाकलं की टाळ्या पडतात आणि बाकीचा अमर शेख, संप करणारा, मालकाला शिव्या देणारा, विसरायची सोय होते. वफादारीच्या दाखल्यासाठी मला तो माणूस वापरायचा नाही. त्याने तो दाखला कोणाला मागितला नव्हता.

इथवर आमच्या मोहल्ल्यातले वाचक खूश असतील. आता थोडं आपलंही बघू.

मुलीच्या आजोबांचे दोन आक्षेप होते. गाणं, आणि कम्युनिस्ट. गाण्याच्या मसल्यात मी पडत नाही, मी आलिम नाही, आणि ज्यांना मनापासून ते वर्ज्य वाटतं त्यांचा मी आदर करतो. पण असे माझ्या पाहण्यात थोडे आहेत. जास्त आहेत ते आपल्यासारखे. शादीत ढोलकवर गाणी होतात. उरुसात रात्रभर कव्वाली होते. मोबाईल वाजला की त्यातून साबरी ब्रदर्स येतात, कधी कधी मशिदीच्या पायरीवरसुद्धा. खुलदाबाद आमच्यापासून फार लांब नाही, तिथले चिश्ती बुजुर्ग समा ऐकत होते. विजापूरच्या सूफींच्या नावावर दखनीतले चक्कीनामे आहेत, बायका दळताना ते गायच्या. माझी दादीसुद्धा जात्यावर गायची. तिचं अर्धं दखनी, अर्धं मराठी असायचं, कुठे एक संपून दुसरं सुरू झालं ते तिलाही सांगता आलं नसतं. मुनेरबीच्या ओव्या याहून फार वेगळ्या असतील असं मला वाटत नाही. तेव्हा गाणं ही अडचण नाही.

मग कम्युनिस्ट? कैफी आझमी कोण होते? पक्षाचे कार्ड असलेले, मुंबईच्या पक्ष कम्यूनमध्ये संसार थाटलेले. मजरूह सुलतानपुरी सरकारविरोधी नज्म म्हटली म्हणून तुरुंगात गेले. साहिर लुधियानवींचं मजहबशी काय नातं होतं ते सगळ्यांना ठाऊक आहे. आणि तरी आपल्या मुशायऱ्यात, उर्दू शाळेच्या भिंतीवर, यौम-ए-उर्दूच्या तकरीरमध्ये हे तिघंही असतात. असायलाच हवेत. मी स्वतः पोरांना कैफींची नज्म पाठ करायला लावली आहे. एका पालकाने तक्रार केली नाही. एकाच शहरात, एकाच काळात, एकाच पक्षात दोन शायर होते. एक आपला, दुसऱ्याचं नाव माहीत नाही. एकाने उर्दूत लिहिलं, दुसऱ्याने मराठीत गायलं. फरक एवढाच आहे.

म्हणजे ते व्यवस्थेतले गृहस्थ आणि हे आजोबा, दोघे एकच गोष्ट बोलत होते. मराठी त्यांची, उर्दू यांची. एक म्हणतो, आमच्या भाषेत तुझं आडनाव नको. दुसरा म्हणतो, त्यांच्या भाषेत आमची पोरगी नको. दोघे एकमेकांना ईद-दिवाळीला भेटतात तेवढेच, पण या वाटणीवर दोघांची सही आहे. आणि मी, दोन्ही भाषांचा पगार घेणारा मास्तर, साक्षीदार म्हणून खाली सही करून मोकळा झालो.

आजोबांवर मात्र मला पूर्ण रागावता येत नाही. ते १९४८ नंतर लवकरच जन्मलेले. पोलीस ॲक्शननंतर या मुलखात काय झालं ते सुंदरलाल समितीने लिहून ठेवलं आहे. सर्वांत वाईट झालं त्या चार जिल्ह्यांत आमचं शेजारचं नांदेड आहे. मरणाऱ्यांचा अंदाज त्या अहवालात २७ ते ४० हजार आहे. त्यातून वाचलेल्या घरांनी पोरांना एक गोष्ट शिकवली, की आवाज खाली ठेव. मुंबईत अमर शेख गात होते तेव्हा मराठवाड्यातला मुसलमान उर्दूचं सरकार गेल्यावर नोकरी आणि जमीन कशी टिकवायची याच्या विवंचनेत होता. संयुक्त महाराष्ट्राचं गाणं त्याच्या दारापर्यंत आलं असेल, पण ते आपलं आहे असं त्याला कोणी सांगितलं नाही, आणि गाणारा आपल्यातला आहे हेही नाही. ही भीती मला समजते. पण १९४८ ला घाबरलेल्या माणसाचा नातू आज इन्स्टाग्रामवर रील टाकतो, मोटारसायकलवर झेंडा लावून फिरतो. भीती कुठे आणि सवय कुठे, हे आता वेगळं करायला हवं.

अण्णाभाऊंकडे बघा. १८ जुलै १९६९ ला ते गेले, गरिबीत गेले. २९ ऑगस्टला, बेचाळीस दिवसांनी, अमर शेख अपघातात गेले. दोघांचं मरण असं जवळजवळ, पण नंतरचं आयुष्य बघा. अण्णाभाऊंचं २००२ मध्ये टपाल तिकीट निघालं, २०२२ मध्ये मॉस्कोत पुतळा बसला. १ ऑगस्टला आमच्या रस्त्यावरून मिरवणूक जाते, त्यात त्यांचा लाल बावटा कोणी दाखवत नाही हे खरं, पण माणूस जिवंत आहे. कारण मातंग समाजाने त्यांना खाली पडू दिलं नाही. अमर शेखांना कोणी उचललं? मुंबई विद्यापीठात त्यांच्या नावाचं अध्यासन आहे. पुण्यात जुन्या बाजाराजवळ शाहीर अमर शेख चौक आहे. २०१८ मध्ये तिथे होर्डिंग कोसळून माणसं मेली तेव्हा ते नाव दिवसभर टीव्हीच्या पट्टीवर फिरत होतं. मी स्टाफरूममध्ये बसून ते बघितलं. शेजारचे सर म्हणाले, "हे अमर शेख कोण, नगरसेवक होते का?" (गव्हाणकरांना तर चौकही नाही. त्यांची दखल घेणारा लेख दुसऱ्या कोणीतरी लिहावा, माझा हात तेवढा पोचत नाही.)

मला आणखी एक जयंती नको आहे. डीजेवर नाचणारी आणखी एक मिरवणूक, हिरव्या फेट्यातली, ही कल्पनाही नको वाटते. ते मुसलमानांचे नेते नव्हते, त्यांना तसं करणं हीसुद्धा त्यांना गाळण्याचीच एक तऱ्हा होईल. कुसुम जयकरांशी त्यांनी १९४७ मध्ये लग्न केलं, देश धर्मावर फाटत होता त्याच वर्षी. मुलगी मल्लिका मराठीतली मोठी कवयित्री झाली. आपल्यातले काही जण या लग्नावरून नाक मुरडतात आणि पलीकडचे काही हल्ली त्याला काय नाव देतील ते मी इथे लिहीत नाही. त्या घरात मराठी कविता जन्माला येत होती, एवढं मला पुरे आहे. 'कलश' आणि 'धरतीमाता' हे त्यांचे संग्रह शोधायला मी नांदेडपर्यंत जाऊन आलो. दुकानदाराने विचारलं, "अभ्यासक्रमाला आहे का?" नाही म्हटल्यावर त्याने पुढचं गिऱ्हाईक घेतलं.

भाच्याने जाताना आणखी एका बँडचं सांगितलं. 'एलियन कल्चर'. १९७९ चा, लंडनचा, पाकिस्तानी वंशाची तीन पोरं आणि एक गोरा. मार्गारेट थॅचर टीव्हीवर म्हणाल्या होत्या की वेगळ्या संस्कृतीची माणसं येऊन आपल्याला बुडवतील अशी लोकांना भीती वाटते. या पोरांनी तो टोमणा उचलला आणि बँडचं नाव करून टाकलं, परकी संस्कृती. १९८० मध्ये एक रेकॉर्ड काढली, थोड्याच दिवसांत बँड बंद पडला. बाहेर नॅशनल फ्रंटची टोळी आणि घरात 'हे काय चाललंय' म्हणणारे अब्बा, दोन्हीकडून. मला ते ऐकून पोरांची दया आली आणि हेवाही वाटला. त्यांना निदान आपण परके आहोत असं म्हणून गाता आलं. आमच्या मुलीला तेही म्हणता येत नाही, कारण ती परकी नाही. ती डोंगरकड्याची आहे, मराठी तिच्या दारात उगवते. तिने कोणती संस्कृती ओलांडायची? गटार ओलांडून शाळेत येते तेवढंच.

त्या मुलीचं पुढचं मला ठाऊक आहे. नांदेडला नर्सिंग करते. तिची धाकटी बहीण आता आठवीत आहे. आवाज थोरलीसारखा नाही, जरा जाड आहे, पण ताल पक्का. मागच्या जुम्याला असरनंतर मी त्यांच्या घरी गेलो. या वेळी चहा त्यांनी पाजला. मी आजोबांना मुनेरबीची गोष्ट सांगितली, बार्शीची, गिरणीची, तुरुंगाची. कैफींचंही सांगितलं. ते बराच वेळ सुपारी कातरत राहिले. मग विचारलं, "मुनेरबी दखनी बोलती थी क्या?" मी म्हटलं, घरात बोलत असतील, ओव्या मात्र मराठी होत्या. "हमारी अम्मा के भी," ते म्हणाले. आणि थोड्या वेळाने, "सोचते, सर."

नाही म्हणाले नाहीत. व्यवस्थेतल्या गृहस्थांकडे सोमवारी जायचं आहे. निवेदनाचा कागद लिहून झाला आहे, त्यात पूर्ण नाव आहे. डफ नांदेडहून मागवला आहे, साडेआठशे रुपये, माझ्या खिशातून.